आइनस्टाईन खरंच बुद्धिबळ खेळायचे का? गणपतीत पोरांना सांगायचंय

सुदामानगरची_सून

नमस्कार मंडळी, काम जरा अर्जंट आहे. आमच्या गल्लीच्या गणपतीत यंदा आरतीनंतर रोज पंधरा मिनिटं पोरांना काहीतरी सांगायचं ठरलंय आणि माझ्या वाट्याला आलंय "शास्त्रज्ञ आणि बुद्धिबळ". आता हा विषय आला कुठून, तर आमच्या सासऱ्यांमुळे. वर्षभर ओटल्यावर पट मांडून बसतात, गल्लीतल्या पाच-सहा पोरांना त्यांनी पार वेड लावलंय, आया पोरांना जेवायला हाका मारून थकतात.

तर बाबांचं म्हणणं की आइनस्टाईनपासून सुरू कर, तो जबरदस्त खेळाडू होता. पुरावा पण आहे त्यांच्याकडे! व्हॉट्सअ‍ॅपवर आलेला एक डाव, आइनस्टाईन विरुद्ध ओपनहायमर (अणुबॉम्बवाले शास्त्रज्ञ), प्रिन्स्टन १९३३, आइनस्टाईन जिंकले. त्याचा प्रिंट काढून चक्क लॅमिनेट करून घेतलाय आणि पोरांकडून चाल-दर-चाल पटावर मांडून घेतात. परवा त्यातल्याच एका कार्ट्यानं मला विचारलं, काकू, एवढे भारी होते तर वर्ल्ड चॅम्पियन का नाही झाले? मी म्हटलं वेळ नसेल मिळाला, पण मलाच ते पटलं नाही. खरं काय आहे ते कुणाला माहीत असेल तर सांगा. आणि पोरं सहावी ते नववीतली आहेत, बोअर झाली की सरळ उठून प्रसादाकडे जातात.

अडीच_घरं

ताई, आधी तो लॅमिनेट केलेला कागद बाजूला ठेवा 😄 १९३३ मध्ये ओपनहायमर प्रिन्स्टनला नव्हतेच, ते तेव्हा कॅलिफोर्नियात बर्कलीला शिकवत होते. प्रिन्स्टनच्या इन्स्टिट्यूटचे डायरेक्टर म्हणून आले ते १९४७ ला. आइनस्टाईन स्वतःच १९३३ च्या ऑक्टोबरमध्ये तिथे पोचले. डाव कुणीतरी खेळलेला असेल, चाली काही वाईट नाहीत, पण नावं मागून चिकटवलेली आहेत.

पण म्हणून आइनस्टाईनला वगळू नका, कारण खरी गोष्ट जास्त चांगली आहे. त्यांचा एक दोस्त होता इमॅन्युएल लास्कर, १८९४ ते १९२१ अशी सत्तावीस वर्षं वर्ल्ड चॅम्पियन, इतका काळ सलग दुसरं कुणी टिकलेलं नाही. आणि हा माणूस नुसता खेळाडू नव्हता, गणितात डॉक्टरेट. १९०५ मध्ये त्यानं बीजगणितात एक प्रमेय सिद्ध केलं, पुढे एमी नोदर बाईंनी ते वाढवलं आणि आज एमएस्सीची पोरं ते लास्कर-नोदर थिअरम म्हणून शिकतात. बर्लिनमध्ये ही दोघं एकत्र फिरायला जायची आणि फिरता फिरता वाद घालायची, वाद कशावर तर रिलेटिव्हिटीवर! निर्वात पोकळीत प्रकाशाचा वेग कायम एकच असतो हेच लास्करला मान्य नव्हतं. म्हणजे बघा, बुद्धिबळाचा राजा फिजिक्सच्या राजाला सांगतोय की तुमचा पायाच कच्चा आहे, आणि तो ऐकून घेतोय.

लास्कर गेल्यावर त्याचं चरित्र निघालं, त्याची प्रस्तावना आइनस्टाईननं लिहिली. त्यात सरळ कबूल केलंय की मी काही बुद्धिबळातला जाणकार नाही, आणि या खेळात जी कुरघोडी करायची वृत्ती असते ती मला कधी आवडली नाही. बाबांना एवढं सांगाच. हळू सांगा पण.

पोहे_जीरावन_मारके

भिया एकदम बरोबर. मी पण तो डाव फॉरवर्ड केलाय चार ग्रुपवर, माफी असावी 🙏

ताई, पोरं उठून जाऊ नयेत असं वाटत असेल तर अ‍ॅलन ट्युरिंग सांगा. कॉम्प्युटरच्या कल्पनेचा बाप माणूस, दुसऱ्या महायुद्धात जर्मनांचं एनिग्मा हे गुप्त संदेशांचं मशीन फोडणाऱ्यांतला एक, आणि बुद्धिबळात? साधारण. साधारणच्या पण खाली म्हणा. आणि आजूबाजूला कोण, तर ब्लेचली पार्क या कोड फोडायच्या ठिकाणी ह्यू अलेक्झांडर, मिल्नर-बॅरी, गोलोम्बेक असे इंग्लंडच्या बुद्धिबळ टीममधले खेळाडू. १९३९ मध्ये ही मंडळी ब्युनोस आयर्सला ऑलिम्पियाड, म्हणजे देशांच्या टीमची बुद्धिबळ स्पर्धा, खेळत होती, मधेच युद्ध पेटलं, टीम स्पर्धा सोडून घरी आली आणि तिघंही कोड फोडायला जुंपले गेले. १९४१ मध्ये माणसं कमी पडतायत म्हणून ट्युरिंग, अलेक्झांडर वगैरे चौघांनी थेट चर्चिलला पत्र लिहिलं, साहेबांना बायपास करून, आणि ते पत्र हातानं नेऊन द्यायला कोण गेला तर हाच मिल्नर-बॅरी. चर्चिलनं लगेच कामाला लावलं सगळ्यांना.

आता मेन गोष्ट. १९४८ च्या सुमारास ट्युरिंग आणि त्याचा मित्र चॅम्परनाऊन यांनी बुद्धिबळ खेळणारा प्रोग्राम लिहिला, पण तो चालवू शकेल असं मशीनच नव्हतं! मग ट्युरिंग स्वतःच मशीन झाला. कागद-पेन्सिल घेऊन बसायचं, नियमांप्रमाणे हिशोब करायचा आणि जे उत्तर येईल तीच चाल खेळायची, आपलं डोकं मधे घालायचं नाही, समोर कितीही चांगली चाल दिसली तरी. प्याद्याला १ मार्क, घोड्याला ३, उंटाला साडेतीन, हत्तीला ५, वजिराला १०. आपली प्रत्येक शक्य चाल, त्यावर समोरच्याची प्रत्येक शक्य चाल, मारामारी चालू असेल तर ती संपेपर्यंत पुढे जायचं, मग दोन्ही बाजूंची बेरीज. एका चालीला अर्धा अर्धा तास. १९५२ मध्ये ग्लेनी नावाच्या सहकाऱ्याशी असा एक पूर्ण डाव झाला, कागदाचं मशीन २९ चालींत हरलं. साठ वर्षांनी, २०१२ ला, मँचेस्टरमध्ये माजी वर्ल्ड चॅम्पियन कास्पारोव्ह त्याच प्रोग्रामशी खेळला, १६ चालींत खल्लास.

आणि ट्युरिंगचा एक घरगुती प्रकार होता, चाल खेळायची आणि घराला एक चक्कर पळत मारून यायची. तुम्ही परत येईपर्यंत समोरच्यानं चाल केली नसेल तर तुम्हाला अजून एक चाल फुकट. ट्युरिंग मॅरेथॉन धावायचा म्हणून त्याचा फायदा 😂 मंडपाला चक्कर मारायला लावा पोरांना.

सुदामानगरची_सून

हे फारच भारी आहे, आभार! पण मग प्रश्न असा की मोठे शास्त्रज्ञ म्हणजे बुद्धिबळात कच्चेच असं सांगायचं का पोरांना? बाबा मला घराबाहेर काढतील.

दांडियाबाजार_बडोदा

नाही हो ताई, असं एका बाजूला झुकू नका. वरच्या दोघांनी हरणारे तेवढे शोधून काढलेत. रॉजर पेनरोज घ्या, २०२० चं फिजिक्सचं नोबेल. त्यांचे वडील जनुकशास्त्रज्ञ आणि हौसेनं बुद्धिबळाची कोडी रचणारे, धाकटा भाऊ जोनाथन दहा वेळा ब्रिटिश चॅम्पियन आणि त्यानं १९६० ला लायप्झिगच्या ऑलिम्पियाडमध्ये मिखाईल ताल ला हरवलं, ताल तेव्हा विद्यमान वर्ल्ड चॅम्पियन. एकाच घरात हे सगळं, त्या घरात जेवताना काय बोलत असतील कोण जाणे. मॅक्स यूव गणितात डॉक्टर आणि मास्तर, १९३५ मध्ये अलेखिनला हरवून वर्ल्ड चॅम्पियन. बोटविनिक, तो पण वर्ल्ड चॅम्पियन, इलेक्ट्रिकल इंजिनियर. आणि आजचा पाहिजे असेल तर डेमिस हसाबिस, तेराव्या वर्षी मास्टर दर्जाचं रेटिंग, पुढे अल्फाझिरो हा बुद्धिबळ खेळणारा प्रोग्राम त्याच्याच कंपनीनं काढला आणि २०२४ मध्ये प्रोटीनच्या रचनेसाठी केमिस्ट्रीचं नोबेल. हे काय कच्चे आहेत?

अडीच_घरं

दादा कच्चे नाहीत, पण खेळले म्हणून नोबेल मिळालं असं तर नाही ना. पोरांच्या डोक्यात तेच जातं आणि आयांच्या डोक्यात तर जास्तच, लगेच महिन्याला दोन हजारांचा क्लास. क्लॉड शॅननचं बघा, इन्फॉर्मेशन थिअरीचा पाया घालणारा गणितज्ञ. त्यानं १९५० मध्ये कॉम्प्युटरनं बुद्धिबळ कसं खेळावं यावर पेपर लिहिला, त्यात हिशोब मांडला की दोघांची एकेक चाल धरली तर साधारण हजार शक्यता, आणि डाव चाळीस चालींचा, म्हणजे एकावर १२० शून्यं इतके डाव. म्हणून सगळं मोजत बसणारं मशीन कधीच पहिली चाल खेळणार नाही, काय मोजायचं नाही हे त्याला शिकवावं लागेल. हाच माणूस १९६५ ला मॉस्कोत बोटविनिकशी खेळला आणि ४२ चालींत हरला. त्या हरण्यानं पेपरची किंमत काय कमी झाली का?

दांडियाबाजार_बडोदा

ठीक आहे, क्लासचं मान्य. बोटविनिकसमोर ४२ चाली टिकला हे पण सांगा मात्र.

निवृत्त_गणितवाला

उशिरा वाचलं. आमच्या वेळी शाळेत मी हा प्रयोग दर वर्षी करायचो म्हणून लिहितो, टायपिंगच्या चुका पोटात घाला.

भाषण कमी द्या, जमिनीवर पट आखा. घोडा प्रत्येक घरात एकदाच जाऊन सगळा पट फिरून येतो का, हा प्रश्न ऑयलर या गणितज्ञानं १७५९ मध्ये पद्धतशीर सोडवायला घेतला. पण आपल्याकडे हे त्याच्या कितीतरी आधी होतं. नवव्या शतकात काश्मीरच्या रुद्रटानं काव्यालंकार ग्रंथात तुरगपदबंध दिलाय. अर्धा पट, चार ओळी आठ रकाने, ३२ घरं, प्रत्येक घरात एक अक्षर. सरळ ओळीनं वाचा किंवा घोड्याच्या अडीच घरांनी उड्या मारत वाचा, श्लोक तोच! "सेना लीलीलीना नाली" अशी सुरुवात आहे, बहुतेक अक्षरं ना आणि ली, म्हणून तर ते जमतं. मला विचाराल तर कविता म्हणून त्यात काही राम नाही, पण घोड्याची वाट अचूक आहे. पोरांना अर्धा पटच द्या, ६४ घरांत ती अडकतात आणि रडकुंडीला येतात. कोपऱ्यातली घरं आधी संपवा, जिथून बाहेर पडायला कमी वाटा आहेत तिथं आधी जा, एवढी एकच हिंट द्यायची.

दुसरं, आठ वजीर एकमेकांना मारणार नाहीत असे ठेवा. १८४८ चा प्रश्न, मॅक्स बेझेल या जर्मन बुद्धिबळपटूनं घातलेला, गाऊससारख्या थोर गणितज्ञाला पण त्यानं नादी लावलं. उत्तरं ९२ आहेत. पूजेच्या ताटातल्या आठ सुपाऱ्या पुरतात.

आणि फिजिक्सवाल्या फाइनमनचं सांगा. तो म्हणायचा की निसर्ग समजून घेणं म्हणजे देवांचा पट लांबून बघण्यासारखं आहे, नियम कुणी सांगत नाही, बघून ओळखायचे. खूप वेळ बघितल्यावर कळतं की उंट कायम एकाच रंगाच्या घरात असतो, आपण खूश, नियम सापडला. आणि एक दिवस तो दुसऱ्या रंगाच्या घरात दिसतो! मधल्या वेळात जुना उंट मेला, प्यादं शेवटच्या घरात पोचून नवा उंट झालं, ते आपण बघितलंच नाही. तुमचे सासरे देशी नियमांनी खेळलेले असतील तर त्यांना हे पटकन कळेल, त्यात प्यादं ज्या घरात पोचेल त्या घराचा मोहरा होतं.

सुदामानगरची_सून

अपडेट देते, काल झालं एकदाचं. संध्याकाळी पाऊस भुरभुरत होता म्हणून रांगोळीचा पट वाहून गेला, मग मंडपातल्या फरशीवर खडूनं आखला, चार बाय आठ. नववीतल्या दोघींनी एकविसाव्या घरापर्यंत घोडा नेला आणि अडकल्या, तर सहावीतल्या त्या प्रश्नवाल्या कार्ट्यानं तिसऱ्या खेपेला पूर्ण ३२ केले आणि कुणी टाळ्या वाजवायच्या आत पुसून परत सुरू केलं, दुसऱ्या बाजूनं होतंय का बघायला.

कागदाचं मशीन मात्र फसलं, तीन चालींत मशीन झालेला मुलगा म्हणाला काकू हे खूप बोअर आहे, मला चांगली चाल दिसतेय ती खेळू का? मी म्हटलं ट्युरिंगला पण असंच वाटत असणार, नाही खेळायची.

चक्कर मारायचा खेळ सगळ्यात हिट. बाबा एका बाजूला खुर्चीत, समोर पोरगा चाल करून मंडपाला पळत चक्कर मारून येतोय, चिखलानं चपला भरलेल्या, आणि बाबा घोडा हातात धरून विचार करतायत. दोन चाली फुकट गेल्या, वजीर गेला. ह्याला काय बुद्धिबळ म्हणतात का, म्हणून पट उधळायला निघाले होते. लास्करची गोष्ट मी त्या गडबडीतच सांगून टाकली, तेवढं धाडस नंतर झालं नसतं. काही बोलले नाहीत. रात्री जेवताना एकदम म्हणाले, सत्तावीस वर्षं?

सकाळी बघते तर तो लॅमिनेट कागद ओटल्यावरच आहे, पण पालथा. मागच्या कोऱ्या बाजूवर बाबांनी पट्टी लावून चार बाय आठ घरं आखलीत आणि पोरं मार्करनं आकडे लिहून पुसतायत.

मास्तर, पूर्ण ६४ चं कधी द्यायचं?

निवृत्त_गणितवाला

अनंत चतुर्दशीनंतर. त्या रात्री झांकी बघायला जागतील, दुसऱ्या दिवशी शाळेत झोपतील, मग द्या.