खडकी, खाजण आणि बापू गोखले

दुसऱ्या बाजीराव पेशव्याचे सेनापती बापू गोखले पुण्याजवळच्या खडकीला इंग्रजांशी हरले ते हिंमत नव्हती म्हणून, असं कुणी म्हणतं, ते मला काही पटलं नाही बुवा. ५ नोव्हेंबर १८१७. समोर इंग्रजांचा कर्नल बर, त्याच्याकडे जेमतेम तीन हजार माणसं, आणि आपलं घोडदळ कितीतरी पट. मराठ्यांचे सरदार मोरो दीक्षित जरीपटका, म्हणजे मराठ्यांचं निशाण, घेऊन चालून गेले. पण इंग्रजांच्या फळीपुढे दलदल होती, ती धावत्या घोड्यावरून दिसली नाही. घोडे त्यात रुतले, मागचे पुढच्यांवर आदळले, आणि वर गोळीबार. मोरो दीक्षित तिथेच पडले.

आमच्या घरामागे खाडीचं खाजण आहे. वरून गवत हिरवंगार, पाय ठेवला की गुडघाभर चिखल. गेल्या पावसाळ्यात शेजाऱ्यांची म्हैस रुतली, तर काढायला सहा माणसं, दोन दोरखंड आणि अख्खी सकाळ गेली. तिथे तर भरधाव घोडे! गोखले घराणं मूळचं कोकणातलं, पण बापूंची उमर गेली ती घाटावरच्या स्वाऱ्यांत. काका धोंडोपंत १८०० मध्ये धोंड्या वाघ या बंडखोराशी लढताना मारले गेले, आणि त्याच धोंड्याच्या पाठलागात बापू इंग्रज सेनानी आर्थर वेलस्लीच्या बाजूने होते. पुढे त्याच इंग्रजांशी गाठ.

आणि हिंमतीचंच म्हणाल तर २० फेब्रुवारी १८१८ ची अष्टीची लढाई बघा. बाजीराव निसटावा म्हणून बापू थोडक्या स्वारांनिशी इंग्रजांच्या जनरल स्मिथच्या घोडदळावर तुटून पडले. स्मिथ जखमी झाला, बापू मारले गेले. बाजीराव निसटला, त्याच्यासोबत असलेले साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह मात्र इंग्रजांच्या हाती लागले.