‘वर्तमानात जगा’ हे केळीवाल्याला सांगायचं कसं?

रावेरचा केळीवाला

परवा तालुक्याला तणावमुक्तीचं शिबिर होतं. बाहेर पंचेचाळीस डिग्री, आत एसी, म्हणून गर्दी बरी होती. वक्ते म्हणाले, काल गेला, उद्या आलेला नाही, खरा आहे तो फक्त हा श्वास. माझ्या शेजारचा हळूच म्हणाला, “उद्या आलाच नाही, तर यांच्या मानधनाचा चेक वटेल कसा?”

हसण्यावारी नेलं, पण प्रश्न डोक्यातून जाईना. केळी पाच बाय पाच फुटांवर लावली तर एकरी सतराशेच्या आसपास खोडं बसतात. जूनमध्ये लावलेली मृगबाग कापायला येते पुढच्या मे-जूनमध्ये, म्हणजे नेमकी वादळाच्या तोंडावर. अकरा-बारा महिने माणूस पुढच्या तारखेवर जगतो. खताची उधारी पुढच्या घडावर, पोरीची फी पुढच्या घडावर.

मागच्या वर्षी कापणी गुरुवारी ठरली होती. मंगळवारी संध्याकाळी वारं सुटलं, अर्धा तासच. मी ओट्यावर उभा होतो. घडाच्या वजनानं वाकलेलं खोड मोडतं तेव्हा लाकडासारखा कडकन आवाज होत नाही, ओलं काहीतरी दबल्यासारखा होतो. असे आवाज एकामागून एक. तो क्षण मी पूर्ण जागेपणी जगलो, कोणत्याही शिबिराशिवाय. पुन्हा नको.

माझं म्हणणं सरळ आहे. वर्तमानात जगणं ही एक तारखेला पगार होणाऱ्यांची चैन आहे. पटत नसेल तर खोडून काढा.

भुसावळचा पेन्शनर

रेल्वेत ३४ वर्षं काढली, त्यातली बरीच इंजिनावर. त्यामुळे पगारवाला मीच, आधीच कबूल करतो.

पण भाऊ, तुम्ही वक्त्याचं वाक्य धरून बसलात. गाडी चालवताना सिग्नल दिसला की चालक आणि सहाय्यक दोघांनीही तो मोठ्यानं पुकारायचा असतो. हिरवा असला तरी. दोघांना दिसतोय तर ओरडायचं कशाला, असं नव्या पोरांना वाटतं. कारण डोळे उघडे असतात आणि माणूस घरी पोचलेला असतो! तोंडानं पुकारला की तो परत येतो. गाडीचं वेळापत्रक पुढचंच असतं, ते कोणी फेकून देत नाही. लक्ष मात्र या सिग्नलवर पाहिजे.

निवृत्तीनंतर इगतपुरीला धम्मगिरीवर विपश्यनेला दहा दिवस बसून आलो. फी नाही, बोलणं बंद, पहाटे चारला घंटा. पहिले तीन दिवस फक्त श्वास. माझ्या डोक्यात तिन्ही दिवस शेजाऱ्यानं कंपाउंडची भिंत सहा इंच आत घेतली तेच चालू. “उद्याचा विचार करू नका” असं तिथं कोणी म्हटलं नाही. मन भिंतीवर गेलं हे कळू द्या, आणि परत या, एवढंच.

रावेरचा केळीवाला

काका, मान्य. पण दहा दिवस बाग कोणाच्या भरवशावर टाकू? आमच्याकडे शेतीची लाईट कधी दिवसाची, कधी रात्रीची. ठिबकचे व्हॉल्व्ह तुमच्या सिग्नलसारखेच, पुकारून फिरत नाहीत.

आकडेमोड जळगाव

दोन्ही बाजूंना थोडं तेल ओततो. २०१० साली हार्वर्डच्या किलिंग्जवर्थ आणि गिल्बर्ट यांनी फोनवरून लोकांना दिवसभरात मधूनच विचारलं, आत्ता काय करताय, मन कुठे आहे, बरं वाटतंय का. सुमारे सव्वादोन हजार माणसं. ४६.९ टक्के वेळा मन हातातल्या कामावर नव्हतं, आणि नसताना माणसं कमी आनंदी होती. काकांना एक गुण.

पण ते सगळे आयफोनवाले, बहुतेक अमेरिकेतले. सोसायटीचं कर्ज ३१ मार्चच्या आत भरायचंय अशी विवंचना त्यांतल्या कोणाला असेल असं वाटत नाही. शिवाय ब्रिटनमध्ये ८५ शाळांतल्या आठ हजारांवर मुलांवर हे सजगतेचे, म्हणजे माइंडफुलनेसचे, धडे तपासून पाहिले. २०२२ मध्ये निष्कर्ष आले, नेहमीच्या शिकवण्यापेक्षा काही जास्त फायदा नाही. केळीवाल्या भाऊंना एक गुण.

आणि ज्याच्यावरून हे सगळं चाललंय तो मूळ पाली शब्द ‘सति’, म्हणजे आपला ‘स्मृति’. आठवण ठेवणं! तेव्हा काल विसरा असं सांगणाऱ्या वक्त्यानं आधी शब्दकोश उघडावा.

चोपड्याची सून

गुण वाटून झाले असतील तर मी बोलते.

आमच्याकडे हिवाळ्यात मळ्यात भरीत पार्टी असते. चाळीस माणूस. कपाशीच्या काड्यांचा जाळ, त्यावर वांगी. काड्यांचा जाळ भसकन उठतो आणि तसाच बसतो, त्यामुळे नजर हलवायची सोय नाही. साल काळी झाली, देठाजवळ बोट दाबलं तर आत गेलं पाहिजे. नाही गेलं तर भरीत कच्चं, आणि बोलणी बाईला. इतकी वर्तमानात मी कुठल्याच ध्यानात नसेन. पण त्याच वेळी डोक्यात कळण्याच्या भाकरी किती झाल्या, लहान्याचं औषध दिलं का, पाहुण्यांना पाणी गेलं का. दोन्ही एकदम चालतं. तेव्हा “इथं की उद्यात” हा वादच मला पुरुषांचा वाटतो. आम्हाला कोणी निवडायला दिलंय?

एकच जागा होती, आखाजीचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेचा झोका. माहेरी, लिंबाला बांधलेला. वर गेलं की पोटात गोळा यायचा, आणि त्या गोळ्यात भाकरी-बिकरी काही उरायचं नाही.

आता केळीवाल्या दादा, राग मानू नका. वादळाचा आवाज तुम्ही किती बारकाईनं लिहिलात. बाग निसवते त्याबद्दल एक ओळ नाही. थंडी सरता सरता खोडाच्या पोटातून ते लाल-जांभळं कमळ बाहेर येतं, एकेक पाकळी वर उचलली जाते आणि खाली इवल्या फण्या दिसतात. माझे सासरे त्याच झाडाखाली उभे राहून मोबाईलवर बऱ्हाणपूरचा भाव बघतात. भाव त्यानं वाढत नाही, हे मी त्यांना सांगू शकत नाही, म्हणून तुम्हाला सांगते.

धुळेकर

आमची आजी जेवताना कोणी पेपर वाचू लागलं की ताटावर चमचा वाजवून विचारायची, “तुनं ध्यान कथा शे?” म्हणजे, तुझं लक्ष कुठंय? शिबिर संपलं. फी म्हणून एक भाकरी जास्त खावी लागायची.

आकडेमोड जळगाव

सूनबाईंना दोन गुण. तरी मूळ मुद्दा राहतोच. ज्याचं पीक आडवं झालं त्याला ‘कमळ बघा’ सांगणं म्हणजे विम्याची रक्कम अडकली असताना त्याला गप्प बसवणंच. सजगतेचा धंदा करणारे नेमकं हेच करतात.

चोपड्याची सून

मी विमा सोडा म्हटलं नाही. विम्यासाठी भांडाच. चोवीस तास भांडू नका.

रावेरचा केळीवाला

ताई, राग नाही. खरं सांगायचं तर मागच्या निसवणीला मी बागेत रोज होतो आणि मला एकही कमळ आठवत नाही. किती घड निसवले ते वहीत आहे, तारखेसकट.

तरी माझं म्हणणं मागे घेत नाही. वही ठेवली नसती तर विम्याच्या माणसापुढे काय दाखवलं असतं?

हे लिहितोय पंपाजवळच्या खाटेवर, रात्रीचे पावणेदोन. लाईट आली. मोटर टाकून व्हॉल्व्ह फिरवून येतो, मग पुढचं भांडू.

भुसावळचा पेन्शनर

बूट घालून जा भाऊ. आणि टॉर्च पायाजवळ धरा, लांब नको.