'डोगोरा'तला तो गोरा नट कोण?

जागरण_सातारा
काल झोप येईना म्हणून तोहो या जपानी चित्रपट कंपनीचा १९६४चा 'डोगोरा' लावला. आकाशातून जेलीफिशसारखं काहीतरी येतं आणि हिरे, कोळसा, दिसेल तो कार्बन ओढून घेतं. राक्षस यथातथाच. पण हिरेचोरांच्या मागावर आलेला मार्क जॅक्सन नावाचा एक गोरा इसम आहे, तो पोलिसाशी, चोरांशी, सगळ्यांशी जपानीत बोलतो. डबिंग असणार म्हणून मी मुद्दाम त्याचे ओठ बघत बसलो, तर ते चक्क जुळतात! हा कोण? आणि असे लोक तेव्हा जपानला मिळायचे कुठून?

निशिकासाईकर
रॉबर्ट डनहॅम. अमेरिकन, आधी मरीन सैनिक. ओठ जुळतात, कारण आवाज त्याचाच आहे.

ही गोष्ट वाटते तेवढी साधी नाही. पुढच्याच वर्षी तोहोने गॉडझिलाच्या सिनेमासाठी हॉलिवुडहून निक ॲडम्सला आणलं. तो सेटवर इंग्रजीत बोलायचा, समोरचा जपानी नट ताकारादा जपानीत उत्तर द्यायचा. जपानी प्रेक्षकांनी जो ॲडम्स ऐकला, तो खरं तर गोरो नाया या डबिंग कलाकाराचा आवाज.

कुठून मिळायचे म्हणाल, तर तोक्योतच राहणाऱ्या गोऱ्यांतून. माझा सगळ्यात आवडता जॉर्ज फर्नेस. हा पेशाने वकील. तोक्योच्या युद्धगुन्हे खटल्यात त्याने शिगेमित्सुंची बाजू मांडली. हो, तेच परराष्ट्रमंत्री शिगेमित्सु, १९४५ साली जपानतर्फे मिसुरी युद्धनौकेवर शरणागतीवर सही करणारे. हाच फर्नेस १९५७ साली दिग्दर्शक होन्डांच्या 'द मिस्टेरियन्स' सिनेमात परग्रहवासीयांशी लढणाऱ्या बैठकीत डॉ. स्वेन्सन म्हणून गंभीर चेहऱ्याने बसलाय. त्याच सिनेमात हॅरोल्ड कॉन्वे हा आणखी एक गोराही आहे. 'आंतरराष्ट्रीय परिषद' म्हटलं की हीच मंडळी!

परळचा_पेंद्या
म्हणजे त्यांचे बॉब क्रिस्टो. तोही मुळात इंजिनिअरच होता.

निशिकासाईकर
@पेंद्या, फर्नेस-कॉन्वेच्या बाबतीत मान्य. डनहॅम मात्र टॉम ऑल्टरच्या पंगतीतला. भाषा येत असली की लेखकाला तुमच्यासाठी संवाद लिहावासा वाटतो. नाहीतर तुम्ही फक्त नकाशाकडे बोट दाखवायचं.

जागरण_सातारा
मग पुढे मोठा झाला असेल की?

निशिकासाईकर
नाही ना! १९६८च्या 'ग्रीन स्लाइम'मध्ये कॅप्टन मार्टिन, छोटंसंच काम. आणि १९७३च्या, मेगालॉन नावाच्या राक्षसाच्या सिनेमात समुद्राखालच्या सीटोपिया राज्याचा सम्राट अंतोनिओ. पांढरा झगा, डोक्यावर मुकुट, उघडी केसाळ छाती. अणुचाचण्यांचा सूड म्हणून मेगालॉनला वर पाठवतो. लोक आज त्याला ओळखतात ते याच झग्यामुळे, आणि मला ते बघवत नाही. 'डोगोरा'त इन्स्पेक्टर त्याला चोर समजतो, ती जुगलबंदी बघा. तिथे तो गोरा आहे हे पाच मिनिटांत आपण विसरतो.

थोडं अवांतर. मीही एकदा या धंद्यात जाऊन आलोय. इथे जपानात एका जाहिरातीला 'परदेशी व्यापारी' हवे होते. सकाळी सहाला बोलावलं, दुपारी तीनला कॅमेऱ्यासमोर उभं केलं. मधल्या वेळात गार बेन्तो, म्हणजे जेवणाचा डबा. मी आपला आठवडाभर घोकलेलं जपानी वाक्य खणखणीत म्हटलं. दिग्दर्शकाचा साहाय्यक धावत आला आणि अतिशय नम्रपणे म्हणाला, उच्चार छान आहे, पण जरा कमी छान करता येईल का? परदेशी वाटत नाही.

परळचा_पेंद्या
😂 मग केलंत?

निशिकासाईकर
केलं. तीन वेळा. शेवटी वाक्यच कापलं. हसतानाचा दीड सेकंद तेवढा राहिलाय.