आयडा टार्बेल यांचा स्टँडर्ड ऑइलचा इतिहास निःपक्षपाती मानावा का?

प्रश्न

अमेरिकन पत्रकार आयडा टार्बेल (१८५७–१९४४) यांची स्टँडर्ड ऑइल कंपनीवरील १९ भागांची लेखमाला नोव्हेंबर १९०२ पासून ‘मॅक्ल्युअर्स’ मासिकात आली आणि १९०४ मध्ये दोन खंडांत पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली. त्यांचे बालपण पेनसिल्व्हेनियातील टायटसव्हिलच्या तेलपट्ट्यात गेले. वडील तेल साठवण्याच्या लाकडी टाक्या बांधत. १८७२ मध्ये रेल्वे कंपन्या आणि स्टँडर्ड ऑइलचे प्रमुख रॉकफेलर यांच्यासह काही बडे शुद्धीकरण कारखानदार यांच्यातील गुप्त दरकरार उघडकीस आला, तेव्हा सारा तेलपट्टा पेटून उठला आणि त्या विरोधात टार्बेल यांचे वडीलही सामील झाले. अशा घरातील मुलीने लिहिलेल्या इतिहासावर कितपत विसंबावे? जाणकारांनी कृपया लिहावे.

प्रतिसाद १

लेखिकेच्या मनात राग होता की नाही यापेक्षा तिने पुरावा कोणता दिला, हे पाहावे असे मला वाटते. त्या १८७२ च्या करारात केवळ स्वतःच्या मालावर सूट मिळवण्याची तरतूद नव्हती. प्रतिस्पर्ध्याने पाठवलेल्या तेलाच्या भाड्यातूनही रेल्वेने या कारखानदारांना वाटा द्यायचा होता. म्हणजे शेजाऱ्याने जितका माल पाठवावा तितका फायदा यांचा! टार्बेल यांनी हे ऐकीव माहितीवर लिहिलेले नाही. न्यायालयांतील व चौकशी समित्यांपुढील शपथेवरच्या साक्षी त्यांनी चिकाटीने मिळवल्या, आणि क्लीव्हलँडमधील माहिती गोळा करण्यासाठी जॉन सिडल या तरुण सहकाऱ्याची मदत घेतली.

प्रतिसाद २

वरील मताशी सहमत आहे. त्यांनी दुसरी बाजूही ऐकली, हे त्यात जोडावेसे वाटते. मार्क ट्वेन यांच्या मध्यस्थीने कंपनीचे एक प्रमुख सूत्रधार हेन्री रॉजर्स त्यांना भेटू लागले आणि या भेटी सुमारे दोन वर्षे चालल्या. याच काळात कंपनीच्या एका कार्यालयात काम करणाऱ्या पोरसवदा मुलाच्या नजरेस, जाळण्यासाठी दिलेल्या कागदांत, आपल्या ओळखीच्या एका स्वतंत्र तेल व्यावसायिकाचे नाव पडले. त्या कागदांवरून असे दिसले की प्रतिस्पर्धी कुठे किती माल पाठवतात, याची माहिती रेल्वेचे कारकून कंपनीला पुरवीत होते. टार्बेल यांनी ते छापले, रॉजर्स संतापले आणि भेटी संपल्या. ज्याच्याकडून इतकी माहिती मिळत होती तो माणूस दुरावेल, हे दिसत असूनही त्यांनी हात आखडता घेतला नाही, याबद्दल मला त्यांचा फार आदर वाटतो.

प्रतिसाद ३

माझे मत थोडे वेगळे आहे. १९०५ मध्ये टार्बेल यांनी रॉकफेलर यांचे जे व्यक्तिचित्र लिहिले, त्यात त्यांच्या रूपाचेही कठोर वर्णन आहे. तिथे संयम सुटला, हे मान्य करायला हवे. मूळ इतिहासाची गोष्ट मात्र निराळी आहे. कंपनीची काटकसर, संघटनकौशल्य आणि कामाचा उरक यांचे मोकळेपणाने कौतुक करणारे एक संपूर्ण प्रकरण त्यात आहे. कंपनी मोठी झाली याबद्दल त्यांची तक्रारच नव्हती. आक्षेप होता तो गुप्त सवलतींना. पुढे १९११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्टँडर्ड ऑइलच्या विभाजनाचा निर्णय कायम केला, परंतु तो सरकारने १९०६ मध्ये भरलेल्या खटल्यातून झाला. त्याचे सारे श्रेय एका लेखमालेला देणे मला अचूक वाटत नाही.

मूळ प्रश्नकर्ता

सर्वांचे आभार. कौतुकाच्या त्या प्रकरणाचा उल्लेख मी कुठेच वाचला नव्हता. आता वाचन तिथूनच सुरू करतो, आणि १९०५ चे व्यक्तिचित्र त्यानंतर वाचेन.