मदत हवी आहे: गोगलगाय ओळखायची तर नक्की कुठला अवयव बघायचा?

तिरफळ:
नमस्कार मंडळी, गावच्या जैवविविधता नोंदवहीचं काम सध्या आमच्या समितीकडे आहे. पक्षी झाले, फुलपाखरं झाली, झाडं तर म्हातारी माणसं नावानिशी सांगतात, पण गोगलगायींच्या पानावर येऊन गाडं अडलंय. सिंधुदुर्गात पावसाळ्यात यांना काय तोटा, मोबाईलला लावायची मॅक्रो लेन्स घेतली आणि दिसेल तिचा फोटो काढत सुटलो, मग ते सगळे एका निसर्गनोंदींच्या ॲपवर टाकले, तर तिथले जाणकार ओळख सांगायची सोडून मलाच प्रश्न विचारतायत. अंबिलिकसचा फोटो आहे का, कॉडल हॉर्न दिसतंय का, न्यूमोस्टोम कुठल्या बाजूला आहे. एकाने तर जेनिटेलिया बघितल्याशिवाय सांगता येणार नाही असं लिहून विषयच मिटवला.
माझ्याकडे मुख्य चार भानगडी आहेत. एक, तपकिरी पिवळट शंखाची, हिचं तोंड बाकीच्यांपेक्षा उलट्या बाजूला वाटतं. दोन, काळी चपटी, शंख नाही, पाठीवर मधोमध फिकट रेघ, शेणखताच्या ढिगाखाली नेहमी असते. तीन, शंख आहे पण एवढासा, अंग त्यात मावणारच नाही असं. चार, हिला हात लावला तर आत जाऊन चक्क दार लावून घेते. चारही गोगलगायीच ना? आणि वरचे शब्द कुणी साध्या मराठीत समजावेल का, पुस्तकी व्याख्या नको, कुठे बघायचं तेवढं सांगा.

बंड्या_०७:
मीठ टाका, प्रश्न मिटेल.

शंखपाल:
बंड्या, तू दुसऱ्या धाग्यावर जा बाबा.
तिरफळ, चांगला विषय काढलात, जरा लांबण लागेल. आधी शंखाचं सांगतो कारण ते सोपं. शंख हातात घेऊन टोक वर आणि तोंड स्वतःकडे करा. तोंड उजव्या हाताला आलं तर उजवा शंख, डावीकडे आलं तर डावा. बहुतेक जाती उजव्या असतात, त्यामुळे तुमची पहिली जर खरंच डावी असेल तर यादी एकदम छोटी होते. मुंबई कोकणाकडे डाव्या शंखाची एरिओफँटा लेव्हिपीस मिळते, तिच्याशी आधी ताडून बघा.
मग वेढे मोजायचे. टोकाला जिथून शंख सुरू होतो तो अगदी बारका भाग म्हणजे प्रोटोकाँक, अंड्यातून बाहेर येतानाच असतो तो. तिथपासून वरून बघत मोजायचं, पाव वेढ्यापर्यंत. सगळ्यात शेवटचा मोठा वेढा म्हणजे बॉडी व्होर्ल. आता शंख उलटा करा. मधल्या अक्षाभोवती वेढे फिरतात ना, तिथे खालून भोक राहतं, तीच अंबिलिकस, सरळ बेंबी म्हणा. काहींची सताड उघडी, काहींची नुसती फट, काहींची पूर्ण बंद. वरून काढलेल्या फोटोत ती कधीच दिसत नाही आणि गट ठरवायला पहिल्यांदा तीच लागते, म्हणून लोक मागे लागलेत.
तो मधला अक्ष म्हणजे कॉल्युमेला. शेतात धुमाकूळ घालणारी आफ्रिकन गोगलगाय असते ना, लिसाचाटिना फुलिका, तिचा कॉल्युमेला खाली एकदम छाटल्यासारखा संपतो. रंगाबिंगावर जाऊ नका, पिल्लू असलं तरी या छाटणीवरून आणि उभट आकारावरून ओळखू येतं. हे पाहुणे आपल्याकडे आणले कुणी माहितीय का, बेन्सन नावाच्या इंग्रजाने, मॉरिशसहून, 1847 साली, कोलकात्याच्या बागेत सोडले. तिथून पुढे जे झालं ते लातूर बीडच्या सोयाबीनवाल्यांना विचारा.
शेवटचं तोंडाचा काठ. काही कुळांत वयात आल्यावर काठ जाड होऊन बाहेर वळतो, मग कळतं की वाढ पूर्ण झाली. पण आपल्याकडची जी मोठी फौज आहे एरिओफँटिडी कुळाची, त्यांचा काठ मोठेपणीही पातळ आणि साधाच, त्यामुळे पोरगं कुठलं आणि मोठं कुठलं हे नुसत्या शंखावरून सांगणं अवघड. शंखाचा भरवसा इथे संपतो.

तिरफळ:
बाप रे, धन्यवाद शंखपालदादा. पहिलीचं तोंड नक्की डावीकडेच आहे, आत्ता परत बघितलं. मग अंगाचं काय बघायचं?

चकली:
मलापण सांगा, आमच्या कुंडीत बारक्या चकचकीत शंखाच्या येतात, त्या एवढ्या पॉलिश केल्यासारख्या का दिसतात हा माझा जुना प्रश्न आहे.

शंखपाल:
चकलीताई, त्याचं उत्तर अंगातच आहे. शंखाला आतून चिकटून जी कातडी असते ती मँटल, म्हणजे प्रावार. काही जातींत तिचे पाळीसारखे तुकडे काठातून बाहेर येतात आणि शंखावर सरकत राहतात, सतत पुसलं जातं म्हणून चमक. तुमच्याकडची बहुधा मॅक्रोक्लॅमिस असेल, बागेत फार कॉमन. पण ती शिंगं बाहेर काढून चालत असतानाच फोटो घ्या, आत गेली की पाळी गायब. पाळी किती, केवढ्या, शंख कितपत झाकतात हे सगळं ओळखीत धरतात.
आता तिरफळ, तुमची तिसरी. शंख एवढासा आणि पाळी मोठ्या, अंग आत मावत नाही, याला सेमी स्लग म्हणतात, स्लग म्हणजे बिनशंखाची, ही अर्धी बिनशंखाची म्हणा. सह्याद्रीत हे प्रकरण बऱ्यापैकी आहे. तुमच्या जिल्ह्यातल्या आंबोलीवरून तर 2021 मध्ये नवीन जातच नाही, तिच्या वरचा अख्खा गट, म्हणजे जीनसच नवीन म्हणून वर्णन झाली, वरदिया आंबोलिएन्सिस, सरीसृपवाले डॉ. वरद गिरी त्यांच्यावरून नाव. तुमचीही तीच असेल असं फोटो न बघता म्हणणार नाही, कारण मारिएला नावाचं अजून एक प्रकरण आहे ज्यात शंख जवळजवळ पूर्ण मँटलखाली असतो. तुमच्या फोटोत शंख उघडा किती दिसतो ते बघा.
मग शेपटी. पायाच्या मागच्या टोकाला वरून एक खाच असते, चिकट स्राव सोडणारी, आणि तिच्यावर छोटं शिंग वळून आलेलं असतं, ते कॉडल हॉर्न. एरिओफँटिडीवाल्यांची ही जवळपास सहीच. आफ्रिकन गोगलगायीला नाही. म्हणून म्हणतात शेपटीचा फोटो द्या, आणि लोक देतात डोक्याचा, कारण डोळे क्यूट दिसतात. पायाच्या कडेने खाली समांतर खोबणी आहे का तेही बघायचं, पूर्वी याच खोबणीवरून मोठे गट पाडायचे, खोबणीवाले ऑलाकोपोडा आणि बिनखोबणीवाले होलोपोडा. डीएनएवाल्यांनी त्याची बरीच वाट लावली, पण समोरचा प्राणी ओळखायला खोबणी अजूनही उपयोगाची.
तळवा बघायला सोपी युक्ती, ओल्या काचेवर चालू द्या आणि खालून फोटो काढा. तीन पट्टे वेगळे दिसतात की एकच सलग, कळेल.

लीड्सकर:
इथे इंग्लंडमध्ये बागेत शंखवाल्यांपेक्षा बिनशंखाच्याच जास्त, लेट्युसची पार चाळण करतात, म्हणून मला वैतागून हे शिकावं लागलं. इथे पहिला प्रश्न न्यूमोस्टोमचा असतो, म्हणजे श्वासाचं भोक, डोक्यामागे जी खोगिरासारखी मँटल असते तिच्या उजव्या काठाला. ते उघडझाप करतं त्यामुळे थोडा वेळ बघत बसावं लागतं, एकदम दिसत नाही. भोक मँटलच्या पुढच्या अर्ध्यात असेल तर एरियन गट, मागच्या अर्ध्यात असेल तर लिमॅक्स किंवा डेरोसेरास वगैरे. मग पाठीचा कणा, कणा म्हणजे हाड नाही, पाठीवरची धार, कील म्हणतात. एरियनला धार नाही, लिमॅक्सला फक्त शेपटीकडे, आणि मिलॅक्स नावाचे असतात त्यांना थेट मँटलपर्यंत. लिमॅक्स कुळातल्यांच्या मँटलवर बोटाच्या ठशासारख्या रेघा असतात, एरियनची मँटल रवाळ. तिन्ही गोष्टी एका आडव्या फोटोत येतात, फक्त फोटो उजव्या बाजूने हवा. मला वाटतं तिरफळदादांच्या काळ्या स्लगलाही हेच लागू होईल?

शंखपाल:
लीड्सकर, युरोपातल्या बिनशंखाच्यांसाठी झकास लिहिलंत, पण त्या काळीला हे लागू होत नाही हीच गंमत आहे. दुसरी म्हणजे वेरोनिसेलिडी कुळातली, वर्णनावरून लेविकॉलिस आल्टे वाटते, तीही मूळ आफ्रिकेचीच. तिला पुढे वेगळी मँटल दिसतच नाही, अख्खी पाठ एकाच जाड चामडी आवरणाने झाकलेली, डोकंसुद्धा त्याखाली. श्वासाचं भोक शोधायला बाजूला बघाल तर सापडणार नाही, ते मागे शेपटीच्या टोकाला. मादीचं जननछिद्र खालच्या बाजूला उजवीकडे साधारण मध्यावर, नराचं पुढे डोक्याजवळ, दोन्ही एकाच प्राण्यात बरं का. ते मधलं छिद्र पायाच्या कडेपासून किती लांब आहे यावरून जाती वेगळ्या करतात, म्हणून हिचा पाठीचा फोटो जवळपास निरुपयोगी, काचेवरून खालचाच हवा. आपल्याकडे सेम्पेरुला नावाचे तिचे देशी भाऊबंद आहेत, फिकट रेघ दिसली म्हणून लगेच आल्टे लिहून मोकळं होऊ नका.
शिंगांवरूनही कळतं. नेहमीच्या गोगलगायीला शिंगांच्या दोन जोड्या, वरच्या जोडीच्या टोकाला डोळा, आणि हात लावला की शिंग पायमोजा उलटा केल्यासारखं आत वळून जातं. या काळीची वरची शिंगं नुसती आक्रसतात, आत वळत नाहीत, आणि खालची जोडी टोकाला दुभंगलेली असते.
डाव्या शंखाच्या बाबतीत एक लक्षात ठेवा, तिथे श्वासाचं भोक आणि जननछिद्र दोन्ही डावीकडे जातात. उजव्या बाजूचा फोटो काढा हा सल्ला तुमच्या पहिलीला उलटा धरायचा.

तिरफळ:
आणि ती दार लावणारी?

शंखपाल:
ती या तिघींच्या नात्यातलीच नाही म्हणा ना. ते दार म्हणजे ऑपरक्युलम, पायाच्या मागच्या भागावर वरून चिकटलेली चकती, अंग आत ओढलं की तोंडावर बरोब्बर बसते. हे सायक्लोफोरिडी वगैरे कुळांतले लोक, पाण्यातून जमिनीवर वेगळ्या वाटेने आलेले. यांना शिंगांची एकच जोडी आणि डोळे टोकाला नाही तर बुडाशी. उघडझाप करणारं न्यूमोस्टोम नाही, आणि नर मादी वेगवेगळे. चकतीवरचे वेढे, ती सपाट की खोलगट, शिंगासारख्या पदार्थाची की चुन्याची, यावर गट ठरतात, म्हणून रिकामा शंख मिळाला तर आसपासच्या मातीत चकती शोधा, बऱ्याचदा शेजारीच पडलेली असते. पण उन्हाळ्यात साध्या गोगलगायीही तोंडावर वाळका पापुद्रा ओढून बसतात, तो एपिफ्रॅम, पाऊस आला की टाकून देतात. चकती अंगाचाच भाग असते, त्यामुळे चालताना शेपटीवर दिसली तरच ऑपरक्युलम म्हणायचं.

चकली:
आणि ते जेनिटेलिया प्रकरण? धाग्याचं शीर्षक बघून आले तेव्हा वाटलं नव्हतं इथवर येऊ 😄

शंखपाल:
येणारच ताई. एकाच कुळातल्या दोन जातींचे शंख डोळ्यांना सेम टू सेम दिसतात, तिथे जननसंस्थाच बघावी लागते. काहींत डार्ट सॅक असते, जोडी जमताना दुसऱ्याला टोचायचा बाण तयार होतो तिथे, काहींत नसते. मग एपिफॅलस, म्हणजे नराच्या नळीचा एक भाग, त्याची लांबी, त्याला शेपटी आहे का, रेतसाठ्याच्या पिशवीचा देठ केवढा. पूर्ण वाढलेला प्राणी लागतो, पोरात हे अवयव तयारच नसतात. ब्रिटिश काळात ते फॉना ऑफ ब्रिटिश इंडियाचे मोलस्काचे खंड निघाले, 1908 चा पहिला ब्लॅनफर्ड आणि गॉडविन ऑस्टेन यांचा, त्यातला गॉडविन ऑस्टेन म्हणजे तोच काराकोरमचा सर्व्हेवाला, के टू शिखराला ज्याचं नाव चिकटलं होतं तो. अख्ख्या हिमनद्या मोजून आला आणि मग गोगलगायी चिरत बसला, माणसाचं काही सांगता येत नाही.
जबड्याची पट्टी आणि रॅड्युला, म्हणजे जिभेवरची दातांची पट्टी, हेही मायक्रोस्कोपखालीच. मांसाहारी गोगलगायींचे दात सुईसारखे लांब, पाला खाणाऱ्यांचे बुटके. तुम्हाला नोंदवहीसाठी एवढ्यात पडायची गरज नाही.

तिरफळ:
मग नोंदवहीत काय लिहू, जात कळली नाही तर पान कोरं ठेवू का?

लीड्सकर:
कोरं कशाला, कुळापर्यंत लिहा. इथले नोंदी ठेवणारेही तसंच करतात, जात खात्रीची नसेल तर वरच्या गटावर थांबतात, त्यात कमीपणा नाही.

शंखपाल:
बरोबर. दारवाली आहे का, शंख नाही का अर्धा का पूर्ण, डावा का उजवा, बेंबी उघडी का बंद, शेपटीला शिंग आहे का, एवढं प्रत्येकीपुढे लिहिलंत तरी पुढे कुणी अभ्यासक आला तर तुमच्या गावाचं पान वापरू शकेल. फोटो वरून, तोंडाकडून, बेंबीकडून, दोन्ही बाजूंनी चालताना आणि शेपटीचा, शेजारी पट्टी ठेवून. अभयारण्यात काही उचलायचं नाही, परवानगी लागते. आणि आफ्रिकनला उघड्या हाताने धरू नका, तिच्यात उंदरांच्या फुप्फुसातल्या जंताची पिल्लं असू शकतात, माणसाच्या मेंदूपर्यंत जातात ती. हातमोजे घाला नाहीतर पानाने उचला.

तिरफळ:
समजलं. दोन नंबरचीला आज संध्याकाळी काचेवर चढवतो, पाऊस आहेच. डावीचे बेंबीकडून फोटो इथेच टाकतो, धागा बंद करू नका.

बंड्या_०७:
मीठ मागे घेतो. आमच्या परसात दारवाली आहे बहुतेक, शिंगांची एकच जोडी दिसतेय, डोळे बुडाशी. फोटो कुठे टाकू?

शंखपाल:
इथेच टाक. चकतीचा वेगळा काढ.