नायलॉनचं हलकं शोल्डर होल्स्टर रोजच्या वापराला ठेवू की परत करू?

कोटाच्याआत

मंडळी, पिस्तुलाचं लायसन्स आहे, छुपं बाळगायची परवानगी पण आहे, त्यामुळे तो विषय इथे नको. आत्तापर्यंत पँटच्या आत अडकवायचं कमरेचं होल्स्टर, म्हणजे पिस्तुलाचं म्यान, वापरत होतो, पण माझं सहा-सात तास गाडीत बसून काम, आणि बसलं की मूठ बरगडीत आणि नळी जांघेत, दोन्हीकडून टोचणार, संध्याकाळी उतरलो की दहा पावलं वाकडा चालतो. म्हणून नायलॉनचं शोल्डर होल्स्टर मागवलं. आडवं आहे, पिस्तूल डाव्या काखेत, नळीचं तोंड मागे, उजव्या बाजूला दोन मॅगझिनची (गोळ्या भरायच्या डब्यांची) पिशवी. पट्ट्यांसकट सगळं मिळून घरच्या काट्यावर २१० ग्रॅम भरलं. एका मित्राचं चामड्याचं आहे ते ५०० च्या वर जातं, त्यामुळे मी एकदम खूश होतो.

पिस्तूल ग्लॉक १९. घातल्यावर पहिला अर्धा तास मस्त, काही घातलंय असं वाटतच नाही, मग हळूहळू मानेच्या डाव्या बाजूला पट्टा कापायला लागतो आणि दोन तासांनी खांदा असा भरून येतो की हात सारखा तिकडेच जातो, म्हणजे छुपं राहिलंच कुठे. आणि बूट बांधायला वाकलो की अख्खं होल्स्टर पुढे झुलतं, जॅकेटच्या बाहेर डोकावतं. हे नीट ऍडजस्ट केलं की सुटेल, का नायलॉनमध्ये हे असंच असतं? परत करायला दहा दिवस आहेत, त्यातले तीन गेले.

जुनाखांदा

सगळे हीच चूक करतात, मी पण केलेली. वजन होल्स्टरचं बघायचंच नसतं रे. हिशोब कर, ग्लॉक १९ रिकाम्या मॅगझिनसकट ६७० ग्रॅमच्या आसपास, पंधरा गोळ्या भरल्या की साडेआठशेच्या घरात. दुसऱ्या बाजूला दोन भरलेली मॅगझिन म्हणजे आणखी अर्धा किलो. म्हणजे खांद्यावर दीड किलो लटकवलंयस आणि त्यातले ३०० ग्रॅम वाचवले म्हणून आनंद मानतोयस. ते ३०० ग्रॅम कुठून वाचले ते बघ, पट्ट्यांतूनच वाचले. तुझे पट्टे एक इंचाचे असणार आणि मऊ. असा पट्टा पहिला अर्धा तास पट्टा असतो, नंतर कडेने दुमडतो आणि दोरी होतो. तीच दोरी मानेला कापतेय. चामड्याच्या चांगल्या हार्नेसमध्ये, म्हणजे पट्ट्यांच्या साजात, खांद्यावर येणारा भाग मुद्दाम रुंद आणि ताठ ठेवतात, वजन तिथे जातं आणि ते जाऊ द्यायचं.

आता तीन गोष्टी बघ. उजव्या पिशवीत दोन्ही मॅगझिन ठेवतोस का एकच? एकच असेल तर एका बाजूला साडेआठशे आणि दुसरीकडे अडीचशे, मग तो अख्खा साज डावीकडे ओढला जाणार आणि मान कापणार, त्यात नायलॉनचा काही दोष नाही. दुसरं, पाठीवर जिथे चार पट्टे एकत्र येतात तो जोड आरशात बघ, दोन्ही खवाट्यांच्या बरोबर मध्ये यायला हवा, मानेच्या हाडावर चढलेला नको. चांगल्या हार्नेसमध्ये तिथे फिरणारी चकती असते, चारही पट्टे आपापला कोन घेतात. स्वस्तातल्या नायलॉनमध्ये तिथे फुली मारून शिवून टाकतात, मग उतरते खांदे असोत का चौकोनी, सगळ्यांना एकच कोन. तिसरं, होल्स्टरच्या खालून कमरेच्या बेल्टला अडकवायचे छोटे पट्टे आले होते का? ते बहुतेक लोक पाकिटातच ठेवतात आणि मग झुलतंय म्हणून ओरडतात.

कोटाच्याआत

एकच मॅगझिन ठेवत होतो 🙈 दुसरं कशाला उगाच म्हणून. आणि बेल्टचे पट्टे पाकिटातच आहेत, तुम्ही काय कॅमेरा लावलाय का माझ्या घरात. पाठीवर शिवलेलीच फुली आहे.

शिलाईयंत्र

पिस्तुलातलं मला फारसं कळत नाही पण बॅगा शिवण्यात पंधरा वर्षं गेली, त्यामुळे कापडाबद्दल बोलतो. १००० डेनियर लिहिलंय म्हणून हुरळून जाऊ नका. डेनियर म्हणजे ९००० मीटर धाग्याचं ग्रॅममधलं वजन, त्यावरून धागा जाड आहे एवढंच कळतं, शिलाई कशी आहे ते कळत नाही. होल्स्टर उलटं करून आतून बघा. बाहेर नायलॉन, मध्ये फोम आणि आत गुळगुळीत अस्तर असे तीन थर एकमेकांना चिकटवलेले असतात, बोटाने चिमटीत धरून चोळा, थर एकमेकांवर सरकत असतील तर चिकटवण कच्चं आहे आणि काही महिन्यांत अस्तर आत गोळा होणार. मग पिस्तूल पूर्ण आत बसत नाही आणि वरचं टिचबटण ओढून लावावं लागतं.

पट्टा जिथे होल्स्टरला शिवलाय तिथे दाट आडवे-उभे टाके हवेत, बॅगेच्या खांद्याच्या पट्ट्याला असतात तसे, नुसती एक सरळ शिलाई असेल तर बाकी काही बघू नका, परत करा. आणि बक्कल. प्लास्टिकच्या त्रिपट्टी बक्कलमधून नायलॉनचा गुळगुळीत पट्टा सरकतोच, थोडा थोडा. सकाळी बरोबर, संध्याकाळी दोन बोटं खाली. त्यात नायलॉन ओलं झालं की थोडं लांबतं, घामाने सुद्धा. तपासायचं असेल तर असं करा, रात्री होल्स्टरमध्ये पिस्तुलाऐवजी तेवढ्याच वजनाचं काहीतरी भरा, पिशवीत पण, रुंद हँगरवर टांगून ठेवा आणि प्रत्येक बक्कलच्या काठाला पट्ट्यावर खडूची रेघ मारा. सकाळी रेघ कुठे आहे ते बघा. सरकली असेल तर पट्ट्याचं टोक बक्कलमधून परत उलटं ओवून घ्या, नाहीतर माप एकदा नक्की झालं की चार टाके घालून टाका. टोकं कापलीत तर मेणबत्तीवर धरून वितळवा, नाहीतर उसवत जातील.

गप्पबसकी

पट्टे बिट्टे ठीक आहे, पण मूळ गोष्ट कोणी बोललंच नाही. काढण्यापेक्षा परत ठेवताना काय होतं ते सांगा. नायलॉनचं तोंड पिस्तूल बाहेर आलं की मिटतं. पायमोजा घालताना बघा, एका हाताने नाही जमत, दुसऱ्या हाताने तोंड उघडून धरावं लागतं. इथे तो दुसरा हात कुठे असतो? नळीच्या समोर. पाच वेळा व्यवस्थित कराल, सहाव्यांदा फोनवर बोलत बोलत कराल. चामड्याच्या होल्स्टरला तोंडाशी ताठ कडी किंवा जाड पट्टी शिवलेली असते ती यासाठीच.

माझीच गोष्ट सांगतो. असंच एक नायलॉनचं, घरी सराव करताना पिस्तूल परत आत ढकललं तर अडलं. जोर लावणार तेवढ्यात खाली बघितलं, जॅकेटच्या कमरेच्या नाडीचं ते प्लास्टिकचं बोंडुक ट्रिगर गार्डमध्ये, म्हणजे ट्रिगरभोवतीच्या कडीत, शिरलेलं. पिस्तूल रिकामं होतं म्हणून आज टाईप करतोय. ग्लॉकला बाहेरून खटका असलेली सेफ्टी नाही, ट्रिगर मागे गेला की गोळी गेली. मऊ कापड असल्यामुळे आत काही अडकलंय ते बाहेरून हाताला कळत पण नाही, उलट होल्स्टरच बाहेरून दाबलं तर ट्रिगरपर्यंत दाब पोचतो का ते रिकाम्या पिस्तुलावर दाबून बघा एकदा. त्या दिवशी मी जॅकेटांच्या सगळ्या नाड्या काढून टाकल्या.

आणि आडव्या होल्स्टरमध्ये नळी कायम मागच्या माणसाकडे. काढताना तिचं तोंड आपल्याच डाव्या दंडावरून फिरतं, दंडाच्या आतून मोठी रक्तवाहिनी जाते, म्हणून डावं कोपर आधी वर जायलाच पाहिजे, सवय होईपर्यंत शेकडो वेळा. आयपीएससी या नेमबाजीच्या स्पर्धांच्या नियमांत शोल्डर होल्स्टरला मनाई आहे ती उगाच नाही, बऱ्याच रेंजवर पण यातून काढू देत नाहीत, म्हणजे सराव घरीच, कोरडा, गोळ्यांशिवाय. तो करताना काडतुसं दुसऱ्या खोलीत, चेंबर (गोळी बसते ती जागा) डोळ्याने बघून वर बोट घालून तपासायचं, आणि जमलं तर प्लास्टिकचं नकली पिस्तूल घ्या त्याच आकाराचं.

रोजचा उपाय एवढाच की पिस्तूल होल्स्टरमधून काढू-घालू नका. टेबलावर होल्स्टर सपाट ठेवून, समोर कोणी नसताना, नीट बघत भरायचं, टिचबटण लावायचं आणि मग अख्खा साज अंगावर चढवायचा. उतरवताना पण तसंच.

डावखुरा

वरच्यांनी घाबरवून सोडलंय, म्हणून दुसरी बाजू. मी चार वर्षं नायलॉनचंच वापरतोय आणि बदलायचा विचार नाही. फरक एवढाच की माझ्याकडे पाच गोळ्यांचं छोटं रिव्हॉल्व्हर आहे, स्मिथ अँड वेसन ६४२, रिकामं ४१० ग्रॅमच्या आसपास. एवढ्या वजनाला एक इंचाचा पट्टा पुरतो, ट्रिगर लांब आणि जड, आणि हॅमर, म्हणजे मागचा घोडा, आतच झाकलेला त्यामुळे अस्तरात अडकायला काही नाही. हलकं होल्स्टर हलक्या हत्याराला. तुम्ही भरलेला ग्लॉक त्यात घातलात म्हणजे छत्रीच्या काठीला पाण्याची बादली लावल्यासारखं झालं.

मापाचं पण बघा हो. नायलॉनवाले "मध्यम पिस्तुलं, नळी ३ ते ४ इंच" असं सरसकट माप देतात, त्यात डझनभर पिस्तुलं बसतात म्हणजे एकही बरोबर बसत नाही. पकडून ठेवायचं सगळं काम त्या एका टिचबटणाच्या पट्टीवर येतं. अंगठ्याने उघडायच्या बाजूला आत ताठ पत्रा किंवा प्लास्टिक घातलंय का ते वाकवून बघा, नसेल तर घाईत पट्टी नुसती दुमडते आणि बटण उघडतच नाही. रिकाम्या पिस्तुलाने गादीवर उलटं धरून हलवा, मग उड्या मारा, मग बटण न लावता परत तेच. बटणाशिवाय लगेच घसरलं तर समजा तुम्ही बटणाच्या भरवशावर आहात.

गाडीचं म्हणाल तर सीटबेल्ट कुठल्या खांद्यावरून येतो ते बघा. ज्या काखेत पिस्तूल त्याच खांद्यावरून येत असेल तर बेल्ट बरोबर मुठीवर आडवा पडतो, काढायला अडचण आणि वर तो टिचबटण घासत राहतो. मी डावखुरा असल्याने माझं उलटं आहे, माझ्या गाडीत ते जुळून आलं, नशीब. बाकी शोल्डरचा खरा फायदा कोणी सांगत नाही, संडासात बसताना पँटबरोबर पिस्तूल खाली जात नाही. हसू नका, तिथे विसरून आलेले लोक आहेत.

तोटा एकच, जॅकेट. दिवसभर काढता येत नाही, कितीही उकडू दे. आणि एक साईज मोठं लागतं, अंग बारीक असेल तर आडव्या पिस्तुलाचं मागचं टोक पाठीला कापडातून दिसतं.

कोटाच्याआत

पाच दिवस सगळं करून बघितलं, रिकाम्या पिस्तुलावर, मॅगझिनमध्ये प्लास्टिकच्या डमी गोळ्या आणि वजनाला शिशाचे तुकडे भरून.

दोन मॅगझिन आणि बेल्टचे पट्टे लावल्यावर झुलणं जवळजवळ बंद. जुनाखांदा, हे तुमचं शंभर टक्के बरोबर. मान मात्र अडीच तासांनी परत धरली, आरशात बघितलं तर पट्टा खरंच दुमडून पेन्सिलएवढा झालेला. खडूची रेघ रात्रीत दीड सेंटीमीटर सरकली, पिस्तुलाच्या बाजूची, दुसरीकडची अर्धा. उलटं ओवल्यावर थांबली.

टिचबटण: गाडीत बेल्ट लावून बसलो, वळून मागच्या सीटवरची बॅग घेतली, असं दहा वेळा केलं. तीन वेळा बटण उघडलेलं सापडलं. एकदाही आवाज आला नाही, मला कळलं पण नाही, हे जास्त लागलं मनाला. आणि गप्पबसकी, तुम्ही सांगितलं तसं बाहेरून दाबलं, अंगठ्याने ट्रिगर गार्डच्या जागी. जोर बराच लावावा लागला पण टक् झालं. त्यानंतर बायको म्हणाली हे घरात नको, आणि मला वाद घालायला काही उरलंच नव्हतं.

परत करतोय. वजनकाट्यावर मी होल्स्टर ठेवलं होतं, खांद्यावर ठेवायला हवं होतं. आता असं बघतोय की हार्नेस रुंद, पाठीवर चकती फिरती आणि पिस्तुलाचा खोका घट्ट, त्याच मॉडेलसाठी ओतलेला, ट्रिगर पूर्ण झाकणारा. पट्टे नायलॉनचे असले तरी चालतील, पिस्तुलाची जागा मऊ नको. असं वजन ४०० च्या पुढे जाईल हे दिसतंय, जाऊ दे. तोपर्यंत कमरेचंच, वाकडं चालत.

जुनाखांदा

दोन इंच रुंदीच्या खाली बघू नकोस. आणि आल्यावर पहिले दोन दिवस घरातच घाल, माप शेवटी बनियनवर लावायचं नाही, रोजचा शर्ट घालून लावायचं.

शिलाईयंत्र

परत पाठवण्याआधी खडू पुसून घ्या. ओल्या फडक्याने, घासू नका, नायलॉनवर पांढरा डाग धरतो.