मदत हवी आहे: ईएसआयसीचा बेरोजगारी भत्ता

नमस्कार मंडळी. मी खेडची. माझे मिस्टर लोट्याच्या एमआयडीसीत एका कंपनीत सहा वर्षं पॅकिंगला होते. दीड महिन्यापूर्वी सगळी शिफ्टच बंद केली. पगार १६,००० रुपये, आणि दर महिन्याच्या स्लिपवर ईएसआयसीचे (म्हणजे कर्मचारी राज्य विम्याचे) १२० रुपये कापलेले दिसतात. सगळ्या स्लिपा मी बिस्किटाच्या डब्यात जपून ठेवल्यात.

ईएसआयसीच्या अटल बीमित व्यक्ती कल्याण योजनेत नोकरी गेल्यावर सरासरी पगाराच्या ५० टक्के रक्कम जास्तीत जास्त ९० दिवस मिळते, तीही आयुष्यात एकदाच, एवढं कळलंय. म्हणून अर्ज चुकायला नको.

अडचण अशी, की शेवटच्या दिवशी कंपनीने सगळ्यांकडून छापील राजीनाम्यावर सह्या घेतल्या. ह्यांनी काही स्वतःहून नोकरी सोडली नाही हो! त्या कागदामुळे अर्ज फेटाळतील का? आणि ईएसआयसीच्या पोर्टलवर ते अजून कामावरच दिसतात. नोकरी सुटल्याची तारीख कंपनीच भरते ना? एचआरवाले फोन उचलत नाहीत. त्यांच्याशिवाय ती कशी भरून घ्यायची?

आमच्याकडे आंब्याची कलमं नाहीत, पावसात मजुरीही मिळत नाही. चिपळूण-रत्नागिरीकडे कोणाला हे पैसे प्रत्यक्ष मिळाले असतील, तर कोणते कागद लागले ते कृपया सांगा.